रोजचं दळण

आमच्या ऑफिसात वर्षातून एकदा एक फॉर्म भरायचा असतो. पहिलाच प्रश्न असतो, ‘या वर्षात तुम्ही काय केलंत?’ गेल्या मार्चमध्ये मी त्या रिकाम्या चौकटीपुढे पाऊण तास बसलो होतो.

माझं काम जुन्या सॉफ्टवेअरची देखभाल करण्याचं. रात्री अकराच्या सुमारास काही प्रोग्राम आपोआप सुरू होतात, खूप साऱ्या लोकांच्या कर्जाचे हप्ते आणि व्याज मोजतात आणि पहाटेपर्यंत संपतात. ते नीट संपले तर माझं नाव कुणाच्या कानावर पडत नाही. अडकले तर रात्री तीनला फोन येतो. वर्षभर ते बहुतेक नीट चालले होते. मग मी काय केलं होतं? शेवटी लिहिलं, ‘सिस्टिम चालू ठेवली.’ मॅनेजर वाचून हसला. वाईट माणूस नाही तो. म्हणाला, “अरे, हे तर रोजचंच आहे. यात विशेष काय?”

घरी येताना हे वाक्य डोक्यातून जाईना. आपण ते आधी कुठंतरी ऐकलंय असं वाटत राहिलं. मग आठवलं की ऐकलं नव्हतं, मीच बोललो होतो. चौदा वर्षांचा असताना, दुधनीच्या आमच्या घरात, टीव्हीवर रोहिणी हट्टंगडी दिसत असताना.

*

दुधनी अक्कलकोट तालुक्यात आहे. सोलापूरहून रेल्वेनं निघालं की अक्कलकोट रोड जातं, मग दुधनी येतं आणि थोडं पुढं गेलं की कर्नाटक सुरू होतं. बाजारात तुरीचा भाव मराठीत विचारला तर उत्तर कन्नडमध्ये येऊ शकतं आणि कुणालाच त्यात काही वावगं वाटत नाही.

आमच्या घरात मात्र या दोन भाषांनी काही वर्षं बरीच अडचण केली होती. माझी आजी, म्हणजे आमची अज्जी, आळंद तालुक्यातल्या एका खेड्यातून लग्न होऊन आलेली. तिचं सगळं आयुष्य कन्नडमध्ये गेलेलं. आई बार्शीची, मराठीत वाढलेली. सासू-सुनेला एकमेकींचं अर्धंच कळायचं. उरलेल्या अर्ध्याचा अर्थ दोघी आपापल्या सोयीनं लावायच्या आणि तो सहसा चांगला नसायचा.

मग ‘चार दिवस सासूचे’ आली. ई-टीव्ही मराठीवर २००१ मध्ये सुरू झालेली ही मालिका २०१३ च्या सुरुवातीला संपली. तीन हजारांहून जास्त भाग झाले. मी बोलायला शिकत होतो तेव्हा ती चालू होती आणि मला मिसरूड फुटलं तेव्हाही चालू होती. घराण्यावर हुकमत चालवणारी आशा देशमुख म्हणजे रोहिणी हट्टंगडी. सून अनुराधा म्हणजे कविता लाड. आमच्या घरात अज्जी आशाच्या बाजूची आणि आई अनूच्या. भारनियमनात भाग बुडाला तर दोघी दुसऱ्या दिवशी पुनर्प्रक्षेपणाला हातातली कामं टाकून बसायच्या. एरवी एका खोलीत पाच मिनिटं न टिकणाऱ्या या दोन बायका तिथं शेजारी शेजारी शेंगा फोडत असायच्या.

अज्जी मराठी शिकली ती या मालिकेतून. त्यामुळं तिचं मराठी फार मजेशीर होतं. ‘माझा पाणी आण’, ‘ते गाडी आला’ असं लिंगांचं खोबरं करत बोलायची, पण चिडली की एकदम ‘घराणं’, ‘परंपरा’, ‘इभ्रत’ असले बंगल्यातले शब्द बाहेर पडायचे. आमचं घर पत्र्याचं होतं.

२०११ च्या आसपास मी शाळेच्या स्पर्धा परीक्षेसाठी सामान्यज्ञानाचं पुस्तक पाठ करत होतो. त्यात वाचलं की ‘गांधी’ चित्रपटातल्या कस्तुरबांच्या भूमिकेसाठी रोहिणी हट्टंगडींना इंग्लंडचा बाफ्टा पुरस्कार मिळाला होता. मी ते पुस्तक घेऊन टीव्हीसमोर गेलो आणि मोठा शोध लावल्यासारखं सांगितलं, “या बाईंना इंग्लंडात बक्षीस मिळालंय. आणि आता बघा काय करायल्यात. रोज तेच. रोज तेच दळण.”

अज्जीनं टीव्हीवरून नजर न काढता कन्नडमध्ये म्हटलं, “दिना रोट्टी माडबेकल्ला?”

रोज भाकरी करायला लागतेच ना? मला वाटलं, म्हातारीला प्रश्नच कळला नाही.

*

आधी या बाईंबद्दल थोडं सांगतो, कारण मालिकेतली सासू एवढीच त्यांची ओळख असणारे माझ्या वयाचे बरेच जण आहेत.

त्या मूळच्या पुण्याच्या, जन्म १९५१ चा, माहेरचं आडनाव ओक. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकल्या. जपानच्या काबुकी आणि कर्नाटकच्या यक्षगान या दोन्ही शैलींत त्यांनी काम केलंय. पुढं नाट्यदिग्दर्शक जयदेव हट्टंगडी यांच्याशी लग्न झालं आणि दोघं मिळून नाटकं करत राहिले. रिचर्ड अ‍ॅटनबरोंच्या ‘गांधी’चं चित्रीकरण झालं तेव्हा त्या तिशीच्या उंबरठ्यावर होत्या आणि पडद्यावर कस्तुरबांना तरुणपणापासून मृत्यूपर्यंत उभं करायचं होतं. १९८३ च्या बाफ्टा सोहळ्यात सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार दोघींना विभागून मिळाला, एक अमेरिकेच्या मॉरीन स्टेपलटन आणि दुसऱ्या या.

त्या काळातली त्यांची बाकीची कामंही लहान नाहीत. ‘अर्थ’मधली मोलकरीण, ‘सारांश’मधली मुलगा गमावलेली म्हातारी आई, ‘पार्टी’साठी राष्ट्रीय पुरस्कार. ‘अग्निपथ’मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या, वयानं त्यांच्यापेक्षा साडेआठ वर्षांनी लहान असून. म्हणजे ज्या वयात इतर अभिनेत्री नायिका होण्यासाठी धडपडतात त्या वयात या पांढरे केस लावून उभ्या होत्या.

आणि मग पन्नाशीला आल्यावर ‘चार दिवस सासूचे’. पुढं झी मराठीवर ‘होणार सून मी ह्या घरची’मध्ये आईआजी.

यावर बोलण्याची एक ठरलेली तऱ्हा आहे. ‘एवढी मोठी अभिनेत्री, वाया गेली.’ किंवा सौम्य शब्दांत, ‘पोटासाठी करावं लागतं.’ दोन्ही वाक्यांच्या तळाशी एकच समजूत आहे. खरं काम एकदाच होतं, ते टिकतं, त्याला पुरस्कार मिळतो. आणि जे रोज होतं ते काम नसून निव्वळ उदरनिर्वाह असतो. चौदाव्या वर्षी माझीही हीच समजूत होती. फॉर्मच्या चौकटीपुढे बसलो तेव्हा कळलं की माझ्या नोकरीचीही हीच समजूत आहे.

*

सवयीनं मी हिशोब मांडून पाहिला. ‘गांधी’ची लांबी १९१ मिनिटं. मालिकेचे फक्त तीन हजार भाग धरले आणि जाहिराती वगळून एक भाग २२ मिनिटांचा मानला, तर ६६ हजार मिनिटं होतात. म्हणजे ११०० तास, साधारण ३४५ ‘गांधी’. त्यातल्या प्रत्येक दृश्यात त्या नव्हत्या हे खरं, पण तरीही हा आकडा कशाचा आहे ते बघा. चित्रपटाच्या एका दृश्यावर दोन दिवस खर्च करता येतात. रोजच्या मालिकेत दिवसाला अख्ख्या भागाएवढं चित्रीकरण हातावेगळं व्हावं लागतं. संवाद कधी कधी त्याच दिवशी हातात पडतात. अंगात ताप असो, घरात कुणी आजारी असो, उद्याचा भाग उद्या जायचाच असतो.

हॅना आरेंट या विचारवंत बाईंनी १९५८ च्या ‘द ह्युमन कंडिशन’ या पुस्तकात माणसाच्या खटपटींचे प्रकार पाडले आहेत. त्यातले दोन इथं कामाचे. एक म्हणजे श्रम. स्वयंपाक, झाडलोट, शेतातली खुरपणी. केलं की संपतं, मागं काही उरत नाही आणि उद्या परत करावं लागतं. दुसरं म्हणजे निर्मिती. टेबल, इमारत, कविता. ती करणाऱ्यानंतरही जगात उरते. या विभागणीत ‘गांधी’ निर्मिती ठरते आणि मालिका श्रम. तीन हजार भागांतला एखादा आज कुणी शोधून बघत नसेल. ज्या संध्याकाळी दाखवला त्याच संध्याकाळी तो खाऊन संपला.

हे वाचताना मला सोलापूरची भाकरी आठवली. आमच्याकडं दोन तऱ्हेच्या भाकऱ्या होतात. एक कडक भाकरी, पापडासारखी पातळ, महिनाभर टिकते, पाकिटातून पुण्या-मुंबईला जाते आणि तिचं कौतुक होतं. दुसरी तव्यावरची. ती दुपारी खायची, रात्रीपर्यंत तिचं काही खरं नसतं. पण दोन्हींना ज्वारी तीच लागते आणि हातही तोच. कडक भाकरी कितीही नावाजली तरी घर चालतं ते तव्यावरच्या भाकरीवर. अज्जीला माझा प्रश्न पुरता कळला होता. तो मलाच कळला नव्हता.

इंग्लंडमध्ये हीच गोष्ट उलट्या दिशेनं घडलेली दिसते. बीबीसीच्या ‘ईस्टएंडर्स’ या मालिकेत जून ब्राऊन यांनी १९८५ पासून २०२० पर्यंत, मधली काही वर्षं सोडून, डॉट कॉटन नावाची सिगारेट ओढणारी, बायबलमधली वचनं फेकणारी, बडबडी बाई रंगवली. २००८ च्या जानेवारीतला एक अख्खा भाग त्यांनी एकटीनं केला. नवरा पक्षाघातानं इस्पितळात पडलाय आणि डॉट त्याच्यासाठी टेपवर बोलतेय, एवढंच. पडद्यावर दुसरं कुणी नाही. त्या कामासाठी ऐंशी ओलांडलेल्या या बाईंना बाफ्टाचं सर्वोत्तम अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. एक बाई बाफ्टा घेऊन रोजच्या मालिकेत आली, दुसरी रोजची मालिका करत करत बाफ्टाच्या दारापर्यंत गेली. मला वाटतं, तो भाग त्यांना जमला कारण आधीची वीसेक वर्षं ती बाई त्यांच्या अंगात रोज थोडी थोडी मुरत होती. रोजचं काम काही उरवत नाही, हे आरेंटचं म्हणणं करणाऱ्याच्या अंगावर काय चढतं ते मोजत नाही.

*

इथवर आल्यावर लेख संपवणं सोपं होतं. रोजच्या कामाला सलाम करायचा, आईचा आणि अज्जीचा फोटो टाकायचा. पण मग आईला फोन केला आणि घोटाळा झाला.

मी तिला उत्साहानं हे सगळं सांगितलं. ती ऐकून घेतली आणि म्हणाली, “ते सगळं बरोबर आहे रे. पण तुझ्या अज्जीनं त्या मालिकेतनं काय शिकलं ते लिहिणारैस का?”

मी गप्प बसलो.

“सासूनं कसं वागायचं ते शिकली ती. आधी नुसती चिडायची. मग शब्द मिळाले तिला. आणि मी काय शिकले? सोसायचं शिकले. मला वाटायचं, सून अशीच असती. टीव्हीतली एवढी शिकलेली सून सोसायली, तर मी कोण? तुला वाटतंय आम्ही दोघी शेंगा फोडत मजेत बसायचो.”

आईचं म्हणणं पुरेपूर खरं आहे असं मी म्हणत नाही. अज्जीचा स्वभाव मालिकेच्या आधीचा होता आणि सासू-सुनांचा छळवाद टीव्हीनं शोधून काढलेला नाही. पण रोज केलं म्हणून काम चांगलं होत नाही, हे तिनं मला बरोबर पकडून दाखवलं. ‘दळण’ हा शब्द आपण मालिकांना शिवी म्हणून वापरतो. शिवी दळण्याबद्दल नाहीच खरं तर. धान्याबद्दल आहे. जात्यात काय घातलंय याचा प्रश्न आहे.

आणि तो प्रश्न रोजच्या कामात जास्त अवघड असतो. का, ते अज्जीच्या गिरणीवरून सांगतो.

ज्वारीचं पीठ फार दिवस टिकत नाही. जुनं झालं की चिकटपणा सोडतं, भाकरी थापताना कडा फाटतात. म्हणून आठवड्याला दळण असायचं. डबा घेऊन मी गिरणीत जायचो. गिरणीवाल्याकडं आधी कुणाचा मका निघाला असेल तर त्याचं उरलेलं पीठ आमच्या ज्वारीत यायचं. नियम असा की आधीचं झटकायचं, मग पुढचं घालायचं. गर्दी असली की तो झटकायचा नाही. मला डबा बघून काहीच कळायचं नाही. अज्जीला पहिली भाकरी थापतानाच कळायचं. मग ती कन्नडमध्ये गिरणीवाल्याच्या सात पिढ्या काढायची. मी म्हणायचो, मूठभर मक्यानं काय होतंय? ती म्हणायची, एकदा खायचं असतं तर चाललं असतं, हे रोज पोटात जातं.

चित्रपट बघायला आपण तयारीनं जातो. बरा की वाईट हे ठरवायलाच जातो. परीक्षणं वाचतो, भांडतो. रोजच्या गोष्टीची आपण परीक्षा घेत नाही. शेंगा फोडता फोडता ती आत जाते. रोजचं काम करणाऱ्याला लोकांनी दिलेली ही सगळ्यात मोठी गोष्ट आहे, न तपासता ठेवलेला भरवसा. त्यामुळं त्याची जबाबदारी पुरस्कारवाल्यापेक्षा कमी नाही, जास्त आहे. वाईट चित्रपट एका शुक्रवारी पडतो. वाईट रोजचं काम अकरा वर्षं चालू शकतं आणि कुणाला कळतही नाही.

यात रोहिणी हट्टंगडींचा दोष किती, लेखकाचा किती, टीआरपीचा किती आणि बघणाऱ्या आमचा किती, याचा वाटा मला काढता येत नाही. त्यांनी आपल्या वाट्याचं दळण चोख दळलं असं मी म्हणेन. पडद्यावर त्या कधी हात राखून काम करताना मला दिसल्या नाहीत. आशा देशमुखच्या नजरेत जरब होती ती कस्तुरबांच्या नजरेइतक्याच मेहनतीची होती. म्हणून तर ती आमच्या पत्र्याच्या घरापर्यंत पोचली. काम जितकं चोख, तितकं त्यातलं धान्य खोलवर पोचतं, चांगलं असो की किडकं. ही गोष्ट मला अजून पुरती पचलेली नाही.

*

आता माझ्या डब्याबद्दल.

फॉर्ममध्ये मी ‘सिस्टिम चालू ठेवली’ असं लिहिलं, पण एक गोष्ट लिहिली नव्हती. आमच्या रात्रीच्या प्रोग्रामात एक चूक होती. हप्त्याची तारीख सुट्टीच्या दिवशी आली तर पुढच्या कामाच्या दिवशी भरलेले पैसे उशिरा धरायचे नाहीत, असा नियम. पण सलग दोन सुट्ट्या आल्या की प्रोग्राम दुसरी सुट्टी विसरायचा आणि एका दिवसाचं दंडव्याज लावायचा. कुणाला दोन रुपये, कुणाला चार, क्वचित कुणाला अकरा. मला ती सापडली तेव्हा मी रीतसर नोंद केली, प्राधान्य ‘कमी’ असं टाकलं आणि विसरलो. तक्रार एकही नव्हती. चार रुपयांसाठी कोण फोन करणार? सात महिने ती नोंद तशीच पडून होती आणि ते सात महिने मी सिस्टिम चालू ठेवली होती, ती चूकसुद्धा रोज रात्री वेळेवर चालू ठेवली होती.

मॅनेजर मला विचारत होता, यात नवीन काय. मला राग आला होता की माझ्या रोजच्या कामाची किंमत कुणी करत नाही. आईशी बोलल्यावर त्या रात्री झोप लागली नाही, कारण माझं मलाच विचारावंसं वाटलं की मी तरी कुठं केली होती? रोजच्या कामाला मान हवा असेल तर आधी ते मानानं करावं लागेल. झटकून, मग पुढचं घालून. मी मूठभर मका चालवून घेतला होता.

दुसऱ्या दिवशी नोंद उघडली, प्राधान्य बदललं, कारण लिहिलं. थोडी वादावादी झाली. दुरुस्ती एकूण तीन ओळींची होती. ती आता चालू आहे. ज्यांचे रुपये आधीच कापले गेले त्यांना परत द्यायचे का, यावर मेल अजून इकडून तिकडं फिरतायत. मी दर सोमवारी आठवण करून देतो. सोमवारी माझं नाव दिसलं की काही जण वैतागतात, हे मला माहीत आहे.

अज्जी २०१९ मध्ये गेली. शेवटचं दीड वर्ष ती अंथरुणावर होती आणि आई तिला भाकरी दुधात कुस्करून भरवायची. म्हणीतले सासूचे चार दिवस संपून सुनेचे आले होते, असं शेजारच्या बायका म्हणायच्या. आईनं ते दिवस वसूल केले नाहीत. का, असं मी तिला एकदा विचारलं होतं. तिला प्रश्न विचित्र वाटला असावा.

“म्हणजे काय? रोज दोनदा भूक लागती माणसाला,” ती म्हणाली आणि परातीत पीठ घेतलं.